बेसबॉलचे वतनदार

महसूल खात्याच्या नोकरीत ज्याचे केस पांढरे झाले त्या माणसास हद्दीचे नवल उरत नाही. बांधावरून, ओढ्यावरून, फार काय एका बाभळीच्या बुंध्यावरून तीन-तीन पिढ्या चाललेले कज्जे मी दप्तरी पाहिले आहेत. पूर्वेसही वादीचेच शेत आणि पश्चिमेसही वादीचेच शेत अशी चतुःसीमा निर्विकारपणे नोंदवून खाली सही ठोकणारे तलाठीही पाहिले आहेत. परंतु अमुक एक वस्तू तुझ्या घराजवळ आहे, सबब ती तुला पाहता येणार नाही, आणि तमुक वस्तू तुझ्यापासून हजार कोस दूर आहे, सबब ती तू खुशाल पाहावीस, असा हुकूम ज्या हद्दीवरून निघतो ती हद्द मात्र मला निवृत्तीनंतर, आणि तीही अमेरिकेत, माझ्या भाच्याच्या बैठकीच्या खोलीत प्रथम आढळली.

हा भाचा आयोवा राज्यात डे मॉइन नावाच्या शहरी राहतो. हे विमा कंपन्यांचे गाव. कोणाचे काय बुडाले आणि त्याची भरपाई किती द्यावी, या विवंचनेत बरेचसे गाव गुंतलेले, आणि भाचाही त्याच विवंचनेची संगणकीय बाजू सांभाळून असतो. परदेशी गेलेल्या मनुष्याने क्रिकेटच्या आठवणी काढीत झुरावे, की तेथील खेळ आपला म्हणावा, या प्रश्नाचा निकाल त्याने लवकरच लावून टाकला आणि शिकागो कब्ज या बेसबॉल संघाच्या चरणी स्वतःस अर्पण केले. या खेळाच्या प्रमुख लीगमध्ये तीस संघ असून मार्चअखेरपासून सप्टेंबरअखेरपर्यंत प्रत्येकास १६२ सामने खेळावे लागतात; त्यामुळे आज सामना आहे काय, असे तेथे सहसा कोणी विचारीत नाही. आज सामना कोठे दिसेल, हा प्रश्न मात्र घरोघर रोज विचारला जातो, आणि त्याचे कालचे उत्तर आज लागू पडेल अशी हमी कोणी घेत नाही.

मी गेलो तो २०२२चा हंगाम होता. तेव्हा लीग स्वतःच सामन्यांची वर्गणी विकत असे. छापील अटी मुळापासून वाचण्याची खोड नोकरी सुटली तरी सुटत नाही, म्हणून मी तो मजकूर वाचावयास घेतला. वर्षाची वर्गणी भरली की सर्व संघांचे सामने संगणकावर, भ्रमणध्वनीवर किंवा भिंतीवरील पडद्यावर मनसोक्त पाहावेत, असे वर ठळकपणे सांगितले होते. आणि स्थानिक संघ यांतून वगळले आहेत, हे कलम तळाशी, भिंगाची याद यावी अशा अक्षरांत, नम्रपणे उभे होते. स्थानिक कोण, हे ठरविण्याकरिता एक रिकामी चौकट दिलेली. तीत आपला पिनकोड भरावयाचा. भाच्याने ५०३०९ हे आकडे भरून कळ दाबली आणि एकाखाली एक सहा नावे उमटली. शिकागोचे कब्ज, शिकागोचेच व्हाइट सॉक्स, कॅन्सस सिटीचे रॉयल्स, मिनेसोटाचे ट्विन्स, मिलवॉकीचे ब्रुअर्स, आणि ज्यांच्या सदऱ्यावर बॅटवर बसलेले दोन लाल पक्षी असतात व ज्यांचे कब्जशी असलेले वैर शतकाहून जुने आहे ते सेंट लुइसचे कार्डिनल्स.

आता वस्तुस्थिती अशी की, आयोवा राज्यात प्रमुख लीगचा संघ एकही नाही. त्यांतल्या त्यात जवळचे कॅन्सस सिटी, तेही तीनशे किलोमीटरांवर. शिकागो पाचशेच्या पलीकडे आणि मिलवॉकी सहाशेच्या घरात, म्हणजे पुण्याहून हैदराबाद असावे तितके. ज्या दिवशी हे सहा संघ एकमेकांशी न खेळता परक्यांशी खेळत, त्या दिवशी लीगच्या पंधरा सामन्यांपैकी सहा सामने आयोवावासीयास वर्ज्य होत. लास व्हेगासची कथा हीच. सॅन फ्रान्सिस्कोपासून फीनिक्सपर्यंतचे संघ त्या शहरास मायेने आपले म्हणत आणि म्हणूनच त्यास काही दाखवीत नसत. हवाई बेटे तर प्रशांत महासागरात सुमारे चार हजार किलोमीटर आत. तथापि त्यांवरही कॅलिफोर्नियाच्या संघांनी आपला हक्क सांगितलेला आहे. मधल्या पाण्यावर वहिवाट कोणाची, याची चौकशी मी केली नाही. उत्तरेस सबंध कॅनडा देश टोरंटोच्या एकट्या ब्लू जेज संघाच्या नावे चढविलेला आहे, हे कळल्यावर ती चौकशी क्षुल्लक वाटू लागली.

"मामा, तुम्हीच सांगा, हा कुठला न्याय?" भाच्याने विचारले. वास्तविक मला हायसे वाटले होते, कारण प्रकरण ओळखीचे निघाले. ही वतनदारी होती. लीग ही सार्वभौम सत्ता. तिने प्रत्येक संघास मुलूख तोडून दिलेला. त्या मुलखात त्या संघाचे सामने दाखविण्याचा अधिकार त्याने ज्यास नेमले असेल त्याचाच, इतर कोणाचा नाही, प्रत्यक्ष लीगचाही नाही. आपल्याकडे एकाच गावच्या पिकावर पाटील, कुलकर्णी, देशमुख आणि देशपांडे असे अनेकांचे हक्क बसलेले असत. तसे आयोवाच्या भूमीवर सहा वतनदारांचे हक्क बसले आहेत. भेद इतकाच की, आमच्याकडे वतनदार मागत असे आणि रयत देत नसे. येथे रयत पैसे मुठीत घेऊन उभी आहे आणि वतनदार सांगतो की, तुझे पैसे चालत नाहीत.

या वतनाची मूळ सनद शोधू गेल्यास तिच्या मुळाशी भय आढळते. ५ ऑगस्ट १९२१ रोजी पिट्सबर्गच्या केडीकेए या नभोवाणी केंद्रावरून हॅरल्ड आर्लिन याने बेसबॉलच्या सामन्याचे पहिले वर्णन केले, आणि तेव्हापासून संघमालकांच्या पोटात गोळा उठला तो आजतागायत बसलेला नाही: घरबसल्या खेळ मिळू लागला तर तिकीट काढून मैदानावर येणार कोण? न्यूयॉर्कच्या तिन्ही संघांनी तर आपसांत करार करून १९३४पासून पाच वर्षे नभोवाणीस दारच बंद केले. तो करार संपताच १९३९ साली ब्रुकलिनचे लॅरी मॅकफेल यांनी आपले मैदान उघडले, रेड बार्बर हा गोड वाणीचा वर्णनकार आणून बसविला, आणि त्याच वर्षी २६ ऑगस्ट रोजी त्यांच्या एबेट्स फील्डवरून प्रमुख लीगचा सामना प्रथमच दूरचित्रवाणीवर गेला. कॅमेरे दोन, सबंध न्यूयॉर्कात संच काही शेच, आणि बार्बरपुढे पडदाच नसल्यामुळे कोणता कॅमेरा काय दाखवीत असेल याचा त्याने अंदाज बांधून बोलावयाचे. दाखविणाऱ्यास काय दिसते आहे हे ठाऊक नव्हते. पाहणाऱ्यास कोठे दिसते आहे हे ठाऊक नसण्याचा काळ अद्याप यावयाचा होता.

आयोवाने मात्र न दिसणाऱ्या बेसबॉलचा एक सुवर्णकाळ भोगलेला आहे. १९३०च्या दशकात याच डे मॉइनच्या डब्ल्यूएचओ केंद्रावर रोनाल्ड रेगन नावाचे एक उमदे तरुण कब्जच्या सामन्यांचे वर्णन करीत असत. हेच गृहस्थ पुढे नट आणि त्याहीपुढे राष्ट्राध्यक्ष झाले. सामना शिकागोत, रेगन डे मॉइनमध्ये. मध्ये केवळ तारायंत्र. त्यावरून त्रोटक खुणा यावयाच्या, एकाने त्या कागदावर उतरून पुढे सरकवावयाच्या, आणि त्या दोन-चार अक्षरांवरून रेगन यांनी ऊन, धूळ, प्रेक्षकांचा गलका आणि पिचरच्या कपाळावरील आठ्या असा सगळा प्रपंच उभा करावयाचा. एकदा ऐन रंगात तार बंद पडली. गप्प बसावे तर श्रोते दुसऱ्या केंद्राकडे जाणार. काही घडले म्हणून सांगावे तर दुसऱ्या दिवशीचे वर्तमानपत्र खोटे पाडणार. फाउल हा एकच प्रकार असा की, त्याचा उल्लेख धावफलकात राहत नाही. तेव्हा रेगन यांनी फलंदाजाकडून फाउलमागून फाउल मारविले आणि तार जिवंत होईपर्यंत कित्येक मिनिटे त्या बापड्यास उसंत दिली नाही, ही हकिगत ते स्वतःच पुढे आयुष्यभर थोड्याफार फरकाने सांगत. समोर काहीच घडत नसता घडत असल्याचे ठामपणे सांगण्याचा हा सराव पुढील व्यवसायात किती उपयोगी पडला, हे राज्यशास्त्राच्या प्राध्यापकांनी ठरवावे.

वतन संघाचे असले तरी वसुली संघ स्वतः करीत नाही. ती इजाऱ्याने दिलेली असते. त्या त्या प्रांतापुरती खेळाची एक वाहिनी असते. ती संघास वर्षाकाठी ठोक रक्कम भरते, ती रक्कम केबलवाल्यांकडून वसूल करते, आणि केबलवाले प्रत्येक घरामागे दरमहा पट्टी बसवितात. त्या घरात बेसबॉल पाहिला जावो अथवा न जावो. एखाद्या म्हातारीने केवळ हवामानाचे वृत्त ऐकण्यासाठी केबल घेतलेली असली तरी डावखुऱ्या पिचरच्या वेतनात तिचा वाटा पडलाच. ही पट्टी बिनबोभाट यावी एवढ्यासाठी त्या मुलखात दुसऱ्या कोणी सामना दाखवू नये, ही अट. आणि तुमच्या गावच्या केबलवाल्याने ती वाहिनी मुळीच घेतलेली नसली तरी अट कायम. भाच्याचा केबलवाला अशांपैकीच होता. त्याच्याकडे दोनशेच्या वर वाहिन्या होत्या आणि त्यांतल्या कित्येकांवर दिवसभर कोणी ना कोणी केक भाजत असे. कब्ज तेवढे नव्हते.

या इजाऱ्याचे भव्य स्वरूप पाहावयाचे तर लॉस एंजेलिसला जावे. तेथील डॉजर्स संघाने टाइम वॉर्नर केबल या कंपनीशी पंचवीस वर्षांचा, सुमारे ८३५ कोटी डॉलरांचा करार केला आणि २०१४ साली संघाची स्वतंत्र वाहिनी निघाली. इतर केबल व उपग्रहवाल्यांनी तिचा दर ऐकून हात वर केले. परिणामी त्या शहरातील बहुसंख्य घरांत त्या शहराचाच संघ २०२०पर्यंत दिसेनासा झाला. यातला खरा चटका वेगळाच आहे. विन स्कली हे डॉजर्सचे वर्णनकार. १९५०पासून २०१६पर्यंत सदुसष्ट हंगाम एकाच संघाचे वर्णन करणारा हा मनुष्य इतका लोकप्रिय की, प्रेक्षक मैदानात बसूनही कानाशी ट्रान्झिस्टर धरीत. डोळ्यांपुढे काय घडले याची स्कली यांच्या तोंडून रुजुवात झाल्यावाचून त्यांचे समाधान होत नसे. त्या पुरुषाची अखेरची तीन वर्षे त्याच्याच गावास पैशांच्या तंट्यापायी दुरावली. शेवटचे काही सामने तेवढे एका खुल्या वाहिनीवर दाखवून लाज राखण्यात आली. ह्यूस्टनमध्ये २०१३च्या सप्टेंबरात याहून सोपा प्रकार झाला. अ‍ॅस्ट्रोज संघ त्या वर्षी हरण्यात गढलेला, वाहिनी निम्म्याहून अधिक घरांत पोचतच नसलेली. एका सामन्याची प्रेक्षकसंख्या मापणाऱ्यांनी मोजली ती ०.० भरली. दशांशानंतरचे शून्य मला विशेष आवडले. सरकारी दप्तरात एवढा काटेकोरपणा आम्हांलाही साधला नव्हता.

इजारदाराची भरभराट कूळ जमिनीवर आहे तोवरच. लोक केबल तोडून मोकळे होऊ लागले तशी पट्टी आटली. २०१९ साली ज्या कंपनीने सुमारे हजार कोटी डॉलर मोजून अशा एकवीस वाहिन्या घेतल्या तिच्या शाखेने मार्च २०२३मध्ये दिवाळखोरीचा अर्ज दिला, आणि मेच्या अखेरीस सॅन डिएगोच्या पाद्रेज संघाचे हप्ते थकताच लीगने तो मुलूख जप्त करून खालसा केला. खालसा होताच तेथील रयतेस आपला संघ वर्गणी भरून बिनदिक्कत दिसू लागला, ही गोष्ट वतनदारीच्या समर्थकांनी विचारात घेण्याजोगी आहे. दरम्यान उरलेल्या वाहिन्यांच्या नावांत इतके फेरफार झाले की, सातबाऱ्याचा उतारा लाजावा. आधी फॉक्स, २०२१पासून बॅली, २०२४पासून फॅनड्यूएल. यांपैकी बॅली हे जुगारगृहांचे नाव आणि फॅनड्यूएल हे पैजा लावून घेणाऱ्यांचे. १९१९च्या विश्वमालिकेत पैजवाल्यांशी संधान बांधल्यावरून आठ खेळाडूंना जन्माचे हद्दपार करणाऱ्या या खेळाने शंभर वर्षांनंतर स्वतःच्या दारावर ही पाटी लावावी, यास काळाचा महिमा म्हणावे की दराचा?

एवढ्याने भागते तर बरे होते. मुलूख वतनदारांचा, परंतु काही वार लीगने स्वतःच्या खासगीत राखून ते निराळ्यांना विकले आहेत. शुक्रवारचे दोन सामने २०२२पासून अ‍ॅपलकडे. रविवारची दुपार आधी पीकॉककडे, मग रोकूकडे, आणि २०२६पासून पुन्हा पीकॉककडे. रविवारची रात्र १९९०पासून ईएसपीएनच्या वहिवाटीत होती. तीही आता एनबीसी व पीकॉक यांच्या नावे लागली असून ईएसपीएनला तिच्या बदल्यात लीगच्या वर्गणीची विक्री मिळाली. होमरन डर्बी आणि हंगामाचा सलामीचा सामना नेटफ्लिक्सने घेतला. न्यूयॉर्कच्या यांकीज संघाचे काही सामने तर ज्या मोफत वाहिनीवर लागत तेथून उठून अ‍ॅमेझॉनकडे गेले, म्हणजे पुस्तके आणि पायमोजे मागवावयाचे त्याच दुकानी. यांकीजचा सामना आज अमुक वाहिनीवर आहे, असे न अडखळता सांगू शकणारा मनुष्य न्यूयॉर्कात विद्वान समजला जात असावा.

मी तेथे होतो त्या वर्षीच या व्यवस्थेची कसोटी लागली. यांकीजचा अ‍ॅरन जज हा एका हंगामातील होमरनांचा एक जुना विक्रम मोडण्याच्या बेतात होता. साठ झाले होते. आणि २३ सप्टेंबर २०२२ हा शुक्रवार असल्यामुळे बॉस्टनविरुद्धचा तो सामना अ‍ॅपलच्या वाट्यास आला. न्यूयॉर्क खवळले. जन्मभर जे वर्णनकार कानांस परिचित त्यांच्या तोंडून हा क्षण ऐकावयाचा नाही म्हणजे काय? प्रकरण राज्याच्या महान्यायवादी लेटिशिया जेम्स यांच्यापर्यंत पोचले आणि त्यांनीही जाहीरपणे त्यात लक्ष घातले. एवढा गदारोळ होऊन जजने त्या रात्री होमरन मारलाच नाही. गंमत अशी की, त्याच रात्री त्याच अ‍ॅपलवर, लॉस एंजेलिसमध्ये, कार्डिनल्सच्या बेचाळीस वर्षांच्या अल्बर्ट पुहोल्स याने एकापाठोपाठ दोन होमरन ठोकून कारकिर्दीचे सातशे पुरे केले. इतिहास घडलाच होता. तो तक्रारदाराच्या हद्दीबाहेर घडला, इतकेच.

न्यायालयात जाऊन पाहावे, तर तेथील निकाल आणखी मौजेचे. १९२२ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने, न्यायमूर्ती ऑलिव्हर वेंडेल होम्स यांच्या लेखणीने, असे ठरवून टाकले की, बेसबॉलचे सामने भरविणे हा आंतरराज्यीय व्यापार नव्हे. संघ गावोगाव प्रवास करतात ती केवळ आनुषंगिक बाब. त्या आधारावर मक्तेदारीविरोधी कायद्यापासून या खेळास मिळालेली सूट अद्याप चालू आहे. प्रक्षेपणाच्या हद्दींविरुद्ध काही प्रेक्षकांनी २०१२ साली भरलेला दावा २०१६च्या जानेवारीत, सुनावणी तोंडावर आली असता, तडजोडीने मिटला. तडजोडीत प्रेक्षकांस काय मिळाले, तर एकाच संघाची स्वस्त वर्गणी: ज्यास फक्त आपला आवडता संघ पाहावयाचा असेल त्याने तेवढ्याचेच पैसे भरावेत, मात्र तो संघ त्याच्या मुलखातला नसावा. आयुक्त रॉब मॅनफ्रेड हे स्वतः या बंदीस कंटाळल्याचे सांगत असतात आणि २०२८अखेर राष्ट्रीय करार संपले की सर्व मुलूख एका छत्राखाली आणण्याचा त्यांचा मानस आहे. वतने खालसा करण्याचा मानस आपल्याकडेही अनेक राज्यकर्त्यांनी बोलून दाखविला होता. त्यांतल्या किती जणांच्या हयातीत तो तडीस गेला, हे मी भाच्यास सांगितले नाही. भारतात २००७च्या कायद्याने राष्ट्रीय महत्त्वाच्या सामन्यांचे प्रक्षेपण दूरदर्शनला द्यावेच लागते, एवढे मात्र सांगितले. तेव्हा त्याने अशी काही मान हलविली की, पुढे बोलणे मला निष्ठुरपणाचे वाटले.

तोड त्याने आधीच काढलेली होती. हद्दीचा हा उपद्रव अमेरिकेच्या घरगुती वाटणीतला. पुण्यात बसलेल्या वर्गणीदारास त्याची झळ नाही. म्हणून भाच्याने नारायण पेठेत राहणाऱ्या आपल्या आईच्या नावे वर्गणी भरली. डे मॉइनला संध्याकाळचे सात वाजून पाच मिनिटे होतात तेव्हा पुण्यात पहाटेचे पाच पस्तीस; माझी ही धाकटी बहीण त्या वेळी उठलेलीच असते. नभोवाणीवरील वर्णनास या हद्दी लागू नाहीत आणि भाचा ते ऐकतही असे. परंतु त्या वर्णनकारांस मधेच प्रश्न विचारता येत नाही, आईस येतो. तेव्हा मुलाने आयोवात फोन कानाशी धरावा आणि आईने नारायण पेठेतून शिकागोचा सामना सांगावा, असा क्रम सुरू झाला.

"टाकला. सोडला. परत टाकला. आता तो मधला उभा राहून नुसताच विचार करतोय."

"आई, बेसवर किती जण आहेत?"

"कोपऱ्यात चौकोन दाखवतात ते भरलेत दोन. थांब हं, दूध वर आलं."

पुढची काही मिनिटे फलंदाज नुसते चेंडू बाहेर मारीत असल्याचे ती स्वयंपाकघरातून सांगत राहिली. बेसबॉलच्या इतिहासातले ती एक अक्षर जाणत नव्हती. रेगन यांची युक्ती तिला उपजतच सुचली. भाच्यास संशय आला, पण पुरावा नव्हता.

कब्जचे ते वर्ष वाईट गेले. चौऱ्याहत्तर जिंकले आणि अठ्ठ्याऐंशी हरले. ऑगस्टच्या अखेरीस एका संध्याकाळी मी शेजारी बसलो असता भाच्याने फोन लावला आणि विचारले, "आई, काय चाललंय?"

"तुझे ते निळे रोज हरतात रे," पलीकडून उत्तर आले. "मी बंद केलं त्यांना. त्या लाल पाखरांचं लावलंय. छातीवर बघ, बॅटवर दोन पाखरं बसलीत त्यांच्या. काय सुरेख खेळतात! तुला त्यांचंच सांगू का?"